अनुभवाचा रकाना

भाचीचं नाव नोंदवायला रोजगार केंद्रात गेले होते. आमच्या पुढे चाळिशीतल्या एक बाई बसल्या होत्या. अर्जात अनुभवाच्या रकान्यात त्यांनी ‘काही नाही’ असं लिहिलं होतं.

“मग इतकी वर्षं काय केलंत?” टेबलामागच्या मॅडमनी विचारलं.

“सासूबाई अंथरुणाला खिळल्या होत्या. आठ वर्षं त्यांचंच सगळं केलं.”

मॅडमनी ‘काही नाही’ खोडलं आणि वर लिहिलं, ‘रुग्णसेवा, आठ वर्षे’. “दवाखान्यांना अशीच माणसं हवी असतात.”

माझ्या आईनेही आयुष्यभर हेच केलं. त्याला काम म्हणायचं आम्हा कुणालाच सुचलं नाही. इथे ते सरकारी कागदावर उतरत होतं. त्या जुनाट टेबलाचा मला चक्क अभिमान वाटला.

बाईंनी तो रकाना दोनदा वाचला. मग ताठ बसत म्हणाल्या, “आठ नाही मॅडम, साडेआठ लिहा.”