न्यायाधीशाचं नाक

नाव: आवश्यक नाही. व्यवसाय: मुखवटे तयार करणे. वैवाहिक स्थिती: तशीच. प्रकृती: बारीक. अवलंबून असणारे: नाटकमंडळी एक, सदर मंडळीचे सदर इसमावाचून पान हलत नाही, असे सदर इसमाचे म्हणणे.

हा इसम तिसऱ्या मजल्यावर एका खोलीत राहतो. त्याची रीत जुनी: साच्यावर कागदाचे तुकडे, वर पिठाची खळ, पुन्हा कागद, पुन्हा खळ. बाजारचा डिंक त्याला चालत नाही. त्याने चेहरा मेल्यासारखा दिसतो म्हणे. त्यामुळे घरातल्या पिठाला वाटेकरी दोन, आणि त्यात पोटाचा नंबर कधी लागतच नाही.

पीठ आणून देते धाकटी बहीण. मध्यंतरी तो जिन्यात चक्कर येऊन बसला. शेवटचं कधी जेवलात, असं डॉक्टरांनी विचारल्यावर, न्यायाधीशाच्या मुखवट्याचं नाक अजून व्हायचंय, असं उत्तर त्याने दिलं. बहिणीने ते ऐकलं आणि पुढच्या खेपेला पिठाऐवजी मळलेली कणीकच आणली.

“आता कर खळ,” ती म्हणाली. “बघतेच मी.”

बघायला ती थांबणारही होती, पण बस चुकेल म्हणून त्याने तिला वाटेला लावलं. मग कणकेच्या गोळ्यासमोर तो बराच वेळ बसून राहिला. पोट ओरडत होतं; शेजारच्या रेडिओकडे द्यावं तेवढंच लक्ष त्याने तिकडे दिलं. शेवटी गोळा पाण्यात कालवला, गाळला, शिजवला. बोटांवर वाळलेल्या खळीचे पापुद्रे होते, त्यामुळे हाताला वेगळं काही जाणवलं नाही. नाक झकास उभं राहिलं. ते दाखवावं असं मात्र त्या खोलीत कोणी येत नव्हतं.

प्रयोगाच्या दिवशी सकाळी नाकाचे कागद एकेक करून सुटले. तेवढ्यात बहिणीचा फोन.

“दादा, खाल्लंस ना रे?”

“खाल्लं.”

“मऊ झालं? कणकेत तेल सढळ घातलं होतं. तुला हल्ली चाववत नाही.”

खळीत तेलाचा थेंब पडला की कागद धरत नाही, हे तो जन्मभर लोकांना सांगत आला होता.

“मऊच होतं,” तो म्हणाला.

संध्याकाळी बिननाकाचा मुखवटा पिशवीत घालून तो नाट्यगृहात गेला. न्यायाधीश झालेल्या नटाने पिशवीत डोकावून “राहू द्या काका” म्हटलं आणि तसाच, उघड्या चेहऱ्याने रंगमंचावर गेला. हा कोपऱ्यातल्या खुर्चीवर बसला. मध्यंतरात कोणीतरी मुखवट्याचं विचारेल, अशी त्याची अटकळ होती. लोक चहा पिऊन परत आले.

न्यायाधीशाच्या कामाला सगळ्यात जास्त टाळ्या पडल्या.