पूजलेला बॉयलर आणि तांबड्यावर गेलेली सुई

मंडळी, आज माझं डोकंच चालेनासं झालंय.

गेल्या महिन्यात आम्ही केशवापुरात एका गोऱ्या साहेबाच्या बंगल्यात भाड्यानं आलो. थंडीत खोल्या उबदार राहाव्यात म्हणून त्यानं बॉयलर बसवून भिंतीच्या नळ्यांतून गरम पाणी फिरवलेलं.

उद्या पहाटे दिवाळीची पहिली आंघोळ. आदल्या दिवशी हंडे घासून, काठोकाठ भरून पूजायची आमची रीत. आईनं बॉयलरलाही हळदकुंकू लावलं आणि त्यात पाणी भरायचा नळ सोडूनच दिला. दाबाची सुई धोक्याच्या तांबड्यावर!

कानडी फिटर बसप्पाला बोलावलं. तो म्हणाला, "सुई उतरेपर्यंत आतलं पाणी बाहेर सोडा."

"पूजलेलं पाणी सणाला ओतू?" आई कडाडली.

"अव्वा, पेटवलं तर फुटेल!"

दोघांनीही निकाल माझ्यावर सोपवला.

तुम्ही कुणाचं ऐकलं असतं? लवकर सांगा. आईनं बॉयलरखाली लाकडं रचून ठेवलीत.