म्हणणं मांडण्याची संधी

अंगणवाडी सेविका म्हणून माझी नेमणूक रद्द झाल्याचं मला चालू अंगणवाडीतच कळलं. पोरं खिचडी खात होती. तपासणीच्या बाई आल्या, आदेश हातात ठेवला आणि हजेरीचं रजिस्टर मागितलं. आदेशात म्हटलं होतं, की सेविका गावातलीच हवी, मी मात्र जळगावला मेहरूणमध्ये राहते. आणि नोटीस देऊनही मी उत्तर दिलं नाही, त्याअर्थी मला काही म्हणायचं नाही. मला? आमच्या गल्लीत कोणालाही विचारा, मला काही म्हणायचं नाही असा दिवस अजून उगवायचाय.

मेहरूणला माझी मुलगी कॉलेजसाठी खोली घेऊन राहत होती. रविवारी मी डबा घेऊन जायचे आणि संध्याकाळच्या गाडीने पाचोऱ्याला उतरून गावी परत. कोणीतरी तेवढ्यावर तक्रार ठोकली होती.

नोटीस शोधली. ती आमच्याच दारावर होती. श्रावणात घरोघरी कानबाई देवी बसते, त्याआधी आमच्याकडे घर रंगवतात. त्याच आठवड्यात ग्रामसेवकांनी दोन पंच आणून आमच्या बंद दारावर ती डकवली होती. मी पन्नास पावलांवर अंगणवाडीत बसले होते, पण तिथवर कोणी आलं नाही. दुसऱ्या दिवशी आमच्या यजमानांनी दाराला हिरवा ऑइलपेंट लावला. कागद त्यांना दिसला होता. लसीकरणाचा असेल म्हणून त्याच्यावरूनच ब्रश फिरवला. खरवडला का नाही, असं विचारलं तर म्हणे, सरकारी कागद फाडू नये. अशा माणसाबरोबर मी वीस वर्षं संसार केलाय.

जिल्ह्याला अपील केलं, ते एका ओळीत फेटाळलं. मग हायकोर्टाचं खंडपीठ. आमच्या वकिलांनी दाराचा फोटो जोडला. हिरव्या रंगाखाली कागदाचा चौकोन स्पष्ट दिसत होता. सरकारी वकील म्हणाले, नोटीस अजूनही दारावरच आहे. न्यायमूर्तींनी फोटो बराच वेळ पाहिला आणि पुढची तारीख दिली.

मी रेशनकार्ड, लाइटबिल, शेजारणींची पत्रं असं सगळं पिशवीत भरून नेलं होतं. वकील म्हणाले, ताई, तुम्ही कुठे राहता हे कोर्ट बघणार नाही. निर्णय घेण्याआधी त्यांनी तुम्हाला विचारलं का, एवढंच बघणार. माझं डोकंच सणकलं. एवढ्या लांब यायचं, आणि मी कुठे राहते हे सोडून बाकी सगळं बोलायचं!

दरम्यान माझ्या जागी खालच्या गल्लीतली एक सून नेमली गेली. तक्रारीशी तिचा काही संबंध नव्हता, हे मला पक्कं माहीत होतं. तरी तीन वर्षं मी तिचा राग राग केला. समोरून आली की मी रस्ता बदलायचे.

तीन वर्षांनी निकाल लागला. आदेश रद्द, त्याच कार्यालयाने माझं म्हणणं ऐकून नव्याने निर्णय घ्यावा. मला वाटलं, झालं, फिरून पुन्हा तिथेच. पण साहेब नवीन होते. त्यांनी खुर्ची दिली आणि बोला म्हणाले. मी अर्धा तास बोलले. त्यांनी मध्ये एकदाही अडवलं नाही, लाइटबिलंसुद्धा पाहिली. आठ दिवसांत माझ्या नेमणुकीचा आदेश आला. मी देवापुढे बसून रडले. माझं कोणीतरी ऐकलं होतं.

सोमवारी आदेश घेऊन अंगणवाडीत गेले. ती पोरांना खिचडी वाढत होती. मी कागद पुढे केला. तिने हात पुसून तो दोनदा वाचला. शेवटच्या ओळीत तिची नेमणूक संपल्याचं लिहिलं होतं.

"अक्का," ती म्हणाली, "माले कोनी इचारं बी नही."

यावर काय करायचं, हे त्या गावात माझ्याइतकं कोणालाच ठाऊक नव्हतं. अपील कर, कोर्टात जा, तू जिंकशील, एवढंच सांगायचं होतं. मी तिच्याकडे किल्ली मागितली.