डावीकडून तिसरी ओळ

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही, बायकोलाही नाही. माझ्या पहिल्या प्रयोगाचं मी भरीत केलं आणि ते पुरीबरोबर खाल्लं.

धुळ्याला कॉलेजात असताना मला घोकण्याचं व्यसन लागलं. गच्चीवर येरझाऱ्या घालत पानंच्या पानं पाठ करायचो. पाठ झालं म्हणजे समजलं, अशी माझी प्रामाणिक समजूत होती. खाली राहणाऱ्या घरमालकीण अक्कांना प्रकाशसंश्लेषण माझ्याआधी पाठ झालं.

या बळावर जळगावजवळच्या एका शेती संशोधन केंद्रात मी संशोधन सहायक म्हणून लागलो. काम वांग्यांचं. वेगवेगळ्या वाणांच्या ओळी लावायच्या, तोडा झाला की वजनं घ्यायची. प्लॉट सांभाळायला नाना होते, एरंडोलकडचे, माझ्या वडिलांच्या वयाचे. कुठली ओळ कुठल्या वाणाची, याचा नकाशा त्यांनी खिशात जपून ठेवलेला. मी तो एका रात्रीत पाठ केला आणि पुन्हा पाहिला नाही.

हिवाळ्यात बाहेरगावचे पाहुणे आले. आमच्याकडे पाहुण्याला शेतात भरीत खाऊ घातल्याशिवाय सोडत नाहीत, मग तो शास्त्रज्ञ का असेना. पऱ्हाट्यांचा, म्हणजे कपाशीच्या वाळक्या काड्यांचा, जाळ पेटला. प्रयोगाबाहेरची एकच ओळ होती, डावीकडून तिसरी. नानांना तीच तोडायला सांगितली.

नाना खिशात हात घालत म्हणाले, "साहेब, एकडाव कागद देखी ल्या."

"पाठ आहे मला," मी म्हणालो.

पाठ होतंच. फक्त जाळ पेटवला होता पलीकडच्या बांधावर, आणि मी तिथूनच बोट दाखवत होतो. तिथून माझी डावी ती नकाशाची उजवी. नानांनी निमूट टोपली भरली. भरीत अप्रतिम झालं. पाहुण्यांनी वाण कोणता म्हणून विचारलं, तेव्हा मी तो वर्णनासकट चुकीचा सांगितला.

दुसऱ्या दिवशी वजनं घ्यायला गेलो तर प्रयोगातली ओळ रिकामी. प्रमुखांनी आम्हा दोघांना उभं केलं. कुणी तोडली? मी बुटांकडे बघत राहिलो. नोकरी कच्ची होती.

नानांनी दोष स्वतःवर घेतला, "मन्ही चूक व्हयनी, साहेब."

त्यांना प्लॉटवरून काढून फाटकावर बसवलं. निवृत्त होईपर्यंत ते तिथेच होते. मी अहवालात लिहिलं: मजुराच्या चुकीमुळे एका ओळीची नोंद उपलब्ध नाही. वाक्य नेमकं आहे म्हणून प्रमुखांनी पाठ थोपटली. तिथून माझी गाडी रुळावर आली. आता मी शिकवतो. वर्गात कागद हातात नसेल तर तोंड उघडत नाही. विद्यार्थी याला माझी शिस्त म्हणतात.

गेल्या वर्षी नानांच्या गावी गेलो, सांगायचंच म्हणून. त्यांच्या मुलांनी चहा दिला आणि हसत हसत बापाचा किस्सा मलाच ऐकवला: आमच्या नानांनी सरकारचा प्रयोग पाहुण्यांना खाऊ घातला. सुनाही हसल्या. नाना चहा फुंकत बसले. माझ्याकडे त्यांनी एकदाही पाहिलं नाही. मी चहा संपवला, चांगला झाला म्हणालो आणि निघालो.

ती ओळ मी दाखवली होती. हे मला नानांच्या मुलासुनांसमोर, नाना ऐकत असताना सांगायचं आहे, आणि केंद्राला सहीनिशी लिहून द्यायचं आहे. दोन्ही अजून केलेलं नाही.