खुर्चीचा चौथा पाय

आमच्या कॉलनीत त्याला 'बसणं' म्हणत. "आज बसायला जायचंय," असं एखादी म्हणाली, की ती विचारातून वस्तू करायला शिकते आहे हे सगळ्यांना कळायचं. नाशिकरोडच्या आमच्या भागात टीव्ही अजून आला नव्हता. रविवारी दुपारी बायकांना दुसरं होतं काय? वणीकडच्या एक निवृत्त शिक्षिका आपल्या पुढच्या खोलीत सतरंजी अंथरून हे शिकवायच्या. डोळे मिटायचे, एकच वस्तू मनात धरायची आणि ती पुढ्यात येईपर्यंत सोडायची नाही. गॅसचा नंबर लागायला जेवढा काळ जायचा, साधारण तेवढ्यात एखादीला तांदळाचा दाणा जमायचा.

आईला जमला. ती तो तळहातावर घेऊन घरी आली आणि तिनं वडिलांपुढे हात केला. वडील कचेरीत कारकून, विहारात व्याख्यानं देणारे, आणि धम्म स्वीकारल्या दिवसापासून नवस, अंगारे, चमत्कार यांना आमच्या घराचं दार बंद. त्यांनी चष्मा सारखा करून दाणा पाहिला आणि म्हणाले, "रेशनवर मिळतो."

"हा चमत्कार नाही," आई म्हणाली. "सराव आहे. टायपिंग शिकतात तसा."

"मग टायपिंग शीक."

मी तेव्हा कॉलेजात होते आणि मला दोघांचाही राग यायचा. हिनं एका दाण्यासाठी एवढी खटपट करावी कशाला, आणि केलीच तर या माणसानं दोन शब्द चांगले का बोलू नयेत?

मग आईनं खुर्ची धरली. घरात एकच खुर्ची होती, वडिलांची, कोपऱ्यात पेटीला खेटून. आई खालीच बसायची. सटाण्याकडच्या तिच्या गावात तिचे वडील दुसऱ्यांच्या खुर्च्यांसमोर उभे राहून म्हातारे झाले, हे तिनं मला एकदाच सांगितलं होतं, मेथी निवडता निवडता. तिला स्वतःची खुर्ची हवी होती. विकतची वडिलांनी केव्हाही आणली असती, पण ती पुन्हा त्यांनी आणलेलीच झाली असती.

शिकवणाऱ्या बाईंनी बजावलं होतं, आपल्या हाताला आणि डोळ्यांना वस्तू जेवढी ठाऊक, तेवढीच येते. शिवाय ती करणाऱ्याबरोबरच जाते, मागं ठेवता येत नाही. आई म्हणाली, "चालेल, मला बसायलाच हवीय."

कितीतरी महिने गेले. एका दुपारी मी घरी आले तर खोलीच्या मधोमध खुर्ची, आणि शेजारी जमिनीवर आई, घामानं निथळलेली, हसत असलेली. वडिलांच्या खुर्चीसारखीच हुबेहूब. हाताला घासून गुळगुळीत झालेली जागासुद्धा तशीच. आई उठून ऐटीत तिच्यावर बसली आणि खुर्चीसकट मागं कोसळली. खुर्चीला तीनच पाय होते.

चौथा पाय तिला ठाऊकच नव्हता. तो कोपऱ्यात पेटीमागं असायचा. रोज खुर्ची पुसताना तिचा हात तिथवर कधी पोचलाच नव्हता.

संध्याकाळी वडिलांनी ती उलटीसुलटी करून पाहिली. मला वाटलं, आता व्याख्यान. पण ते गालातल्या गालात हसत म्हणाले, "त्या कोपऱ्यात फडकं फिरत नाही, हे आज उघड झालं." आईलाही हसू आलं. मग तिचा आवाज बदलला. काही मनाला लागलं की तिच्या बोलण्यात माहेर यायचं.

"ते राहू द्या. खुर्ची शे का नाही, तेवढं सांगा."

"तीन पाय आहेत."

"माझ्या बायकोनं खुर्ची केली, एवढं एकदा तोंडानं म्हणा. मला दुसरं काही नको."

वडिलांनी खुर्ची भिंतीला टेकवून ठेवली. दिसेल तेच मानावं, असं तेच आम्हांला शिकवत आले होते. आता दिसत होतं आणि मानवत नव्हतं. त्यांची केवढी पंचाईत झाली असेल, हे मला फार उशिरा कळलं.

पुढच्या रविवारी आई बसायला गेली तेव्हा त्यांनी खोक्याची फळी तासून एक पाय घडवला आणि खिळे मारून बसवला. रंग वेगळा, आणि जरा आखूड झाला म्हणून खाली पुठ्ठ्याची घडी. आई परत आली, तिनं तो पाय पाहिला आणि ती खुर्चीत बसली. त्या दिवशी चहा वडिलांनी केला.

पुढं बूट घालायला तेही तिच्याच खुर्चीवर बसू लागले. पण ते वाक्य काही तोंडातून निघेना. एखादा पाहुणा विचारायचा, "ही दुसरी कधी घेतलीत?" स्वयंपाकघरातली भांडी थांबायची. वडील म्हणायचे, "चहा घ्या." भांडी पुन्हा वाजायला लागायची, जरा जास्तच.

माझं लग्न झालं, कॉलनीत टीव्ही आले, आणि आई आजारी पडली. दवाखान्याच्या जिन्यात मी वडिलांना गाठलं. "आता तरी म्हणा."

"बरी होऊन घरी येऊ दे," ते म्हणाले. "मग म्हणतो."

ती आली नाही. तिला पोचवून आम्ही घरी आलो, तर खुर्ची नव्हती. तिच्या जागी खोक्याच्या फळीचा पाय आडवा पडला होता, खिळ्यांसकट, आणि जवळ पुठ्ठ्याची घडी. वडील तो पाय मांडीवर घेऊन भिंतीशी खालीच बसले.

पुण्यानुमोदनाला विहारातली मंडळी जमली. वंदना झाली, आईविषयी लोक चांगलं बोलले. मग वडील पाय हातात घेऊन उभे राहिले. "या घरात एक खुर्ची होती. माझ्या बायकोनं ती नुसत्या मनानं केली होती. मी रोज तिच्यावर बसत होतो. हा पाय तेवढा माझा."

त्यांच्या मित्रांनी माना खाली घातल्या. दुःखानं माणूस बावचळला, असं त्यांना वाटलं असावं. मला मात्र त्यांचा संताप आला, रडू फुटेपर्यंत. हेच त्या जिन्यातून चार पावलं वर जाऊन बोलता आलं असतं.

पुढच्या रविवारी दुपारी त्यांनी इस्त्रीचा सदरा घातला आणि सतरंजीवर बायकांच्या मागं जाऊन बसले. संध्याकाळी मी जरा घुश्श्यातच विचारलं, "काय धरलंत?"

"तिचीच खुर्ची," ते म्हणाले. "तीन पायांची. चौथा घरी आहे."