हळदकुंकू लावलेला आकडा

"वहिनी मुकीच हाये रे. महिनाभर बघू, न्हाईतर घरीच बरी!"

मी पडद्यामागं चहा गाळत होते, म्हणून कानावर पडलं. बोलणारे भावजी, ऐकणारे आमचे हे. हिंगोलीत दोघा भावांचं सायबर कॅफे. मी लग्नाआधी कॉम्प्युटरचा कोर्स केलेला, म्हणून नुकतंच काउंटरवर बसवलेलं. आणि मला तिथंच बसायचं होतं. बोलणारे किस्से सांगून मोकळे होतात, गप्प बसणारीकडं ते साठत जातात. महिन्यात माझा डबा भरला!

*

कॅफेत नेटपेक्षा गेम जास्त चालायचे. जुन्या गेम-मशीनची नक्कल कॉम्प्युटरवर करायची, तर ते मशीन सुरू करणारी बूट फाईल लागते. ती अस्सल आहे का, हे बघायला एक प्रोग्रॅम होता. तो फाईलवरून अंक आणि इंग्रजी अक्षरं मिसळलेला, बत्तीस अक्षरांचा आकडा काढायचा. अस्सल आकड्याशी एक अक्षर जुळलं नाही, तरी फाईल बाद.

"बत्तीसच्या बत्तीस?" सासूबाई म्हणाल्या. "माझ्या लेकासुनेचे तर छत्तीसात अठराच गुण जुळले, तरी लग्न केलं की!"

*

अस्सल आकडा नेटवरून उतरवायचा होता. नेमकी त्या दिवशी लाइन बंद. भावजींनी मग आपल्याच फाईलचा आकडा काढला, पुठ्ठ्यावर स्केचपेननं लिहिला, भिंतीवर टांगला, वर हळदकुंकू लावलं. मी टेबल पुसत होते. मला कुणी विचारलं नाही.

*

आमच्याकडं ह्या जुन्या गेमचं नुसतं नाव दिसायचं आणि पडदा काळा! भावजी लगेच फाईलचा आकडा पुठ्ठ्याशी लावून बघायचे. "बराबर हाये!" मग दोष कधी माउसचा, कधी लाइटीचा. एकदा साखरा गावच्या गिऱ्हाइकाला म्हणाले, "तुमी बसले की बंद पडून राहिलं. हात धुऊन या!"

तो बिचारा धुऊन आला. पडदा काळाच.

"साबण लावला व्हता का?"

*

कनेरगाव नाक्याचे ढाबेवाले काका स्वतःची सीडी घेऊन आले. "ह्यातली बूट फाईल घ्या. माझ्याकडं झकास चालते."

भावजींनी आकडा काढला. पुठ्ठ्याशी पहिलंच अक्षर जुळेना. "नकली हाये, काका!"

"अहो, घरी लेकरं रोज खेळून राहिलीत!"

"नकली बी चालते कधीकधी."

"मग तुमची अस्सल काहून चालत न्हाई?"

सगळं कॅफे हसलं. भावजी पुठ्ठ्याकडं बोट दाखवत राहिले. ह्यांनी माझ्याकडं पाहिलं. माझा महिना त्याच दिवशी भरत होता. मी चहाचा ट्रे खाली ठेवला.

"भावजी, पुठ्ठ्यावरचा आकडा तुमी आपल्याच फाईलवरून उतरवलाय. नवरदेवाची चौकशी नवरदेवालाच विचारून केली, तर पोरगं चांगलंच निघणार की!"