विल्मार इरासोकीचं पडणं

विल्मार इरासोकी पडायला शिकला तो घोड्यावरून. त्याचा बाप एवारिस्तो उरुग्वेच्या उत्तरेला, ताकुआरेंबोच्या माळावर, रानटी घोडे माणसाळवायचा. घोडा उधळला की अंग सैल सोडायचं, खांदा आधी टेकवायचा आणि टापांपासून दोन कोलांट्या लांब जायचं, एवढी विद्या बापाने पोराला दिली. पण ती होती न लागता पडायची विद्या. न लागता पडायचं आणि बघणाऱ्याला मात्र हाड मोडल्यासारखं वाटलं पाहिजे, ही भर विल्मारने स्वतः घातली.

फुटबॉलमध्ये या गुणाला गिऱ्हाईक असतं. विल्मार एकोणिसाव्या वर्षी पोर्तुगालला गेला तेव्हा तिथला प्रशिक्षक दोन आठवडे त्याचा खेळ बघून म्हणाला, "पोरा, तुझ्या उजव्या पायापेक्षा तुझा डावा खांदा जास्त कामाचा आहे." तीन वर्षांत या खांद्याने संघाला अकरा पेनल्टी मिळवून दिल्या. मग बेल्जियम. तिथे एक म्हातारा प्रेक्षक दर सामन्याला घरून उशी आणायचा आणि विल्मार पडला की ती मैदानात भिरकावायचा. एकदा विल्मारने ती खरोखरच डोक्याखाली घेतली आणि डोळे मिटले. अख्खं मैदान हसलं, रेफरीसुद्धा. ही उशीची गोष्ट तो सुरुवातीला कुठेही गेला की पहिल्या दिवशीच सांगायचा. लोकांनी हसावं म्हणून सांगायचा आणि लोक हसायचेही. आता कुणी आठवण काढली तर उठून चुलीवरचं भांडं बघायला जातो.

बेल्जियममधून नॉर्वे, आणि नॉर्वेत गुडघा दुखावल्यावर अठ्ठाविसाव्या वर्षी आमच्या फेरो बेटांवर, हेल्लुवीकच्या संघात. इथे नुसतं फुटबॉल खेळून कुणाचं भागत नाही. रेफरी शाळेत शिकवतो, गोलकीपर मासे कापतो, आणि याकुप नावाचा आडदांड गडी सामना चालू असताना मैदानाच्या कडेला होडीत बसून राहतो, कारण चेंडू समुद्रात गेला तर आणायचा कुणी? विल्मार पहिल्या दिवशी विचारत होता, "आणि वारा फार असला तर?"

"तर दुसरा खेळाडू पालथा पडून चेंडू बोटाने धरून ठेवतो आणि तू पेनल्टी मारतोस," प्रशिक्षक बिर्गिरने सांगितलं. "बोट वाचवून मार एवढंच."

दिवसा विल्मारला काम मिळालं माशांच्या कारखान्यात. हा कारखाना हेल्लुवीक आणि स्काल्वनेस या दोन गावांच्या मधे, डोंगराच्या खिंडीत आहे. दोन्ही गावांचे लोक एकाच टेबलावर उभे राहून मासे कापतात, आणि रविवारी एकमेकांची नडगी फोडतात. विल्मारच्या समोर उभा असायचा त्रोंदुर, स्काल्वनेसचा गोलकीपर. वय अडतीस, हात फावड्यासारखे, बोलणं कमी. सुरी कशी धरायची ते त्यानेच विल्मारला शिकवलं. पहिल्या हिवाळ्यात त्याने वाऱ्यावर सुकवलेल्या मटणाचा तुकडा कागदात बांधून आणला. विल्मारने हुंगला आणि म्हणाला, "याला माझ्या बापाच्या खोगिराचा वास येतो."

"मग ओळखीचं आहे. खा," त्रोंदुर म्हणाला.

अशी दोन वर्षं गेली. तिसऱ्या उन्हाळ्यात चषकाच्या उपांत्य सामन्यात हेल्लुवीक आणि स्काल्वनेस समोरासमोर आले. स्काल्वनेसने एक्केचाळीस वर्षांत अंतिम सामना पाहिला नव्हता, आणि त्रोंदुरने तर वीस वर्षं खेळून कधीच नाही. इकडे विल्मारचं असं, की डेन्मार्कच्या एका क्लबचा माणूस त्याला बघायला येऊन बसला होता. डेन्मार्क म्हणजे पुन्हा मऊ गवत, खरी प्रेक्षागृहं. तिशीला टेकलेल्या माणसाला असं बोलावणं दुसऱ्यांदा येत नाही.

सामना एक-एक वर होता आणि दहा मिनिटं उरली होती. त्या दिवशी वारा अजिबात नव्हता. बेटांवर असा दिवस लोक वर्षभर आठवणीत ठेवतात. विल्मार चेंडू घेऊन एकटाच पुढे निघाला, त्रोंदुर गोल सोडून पुढे आला, आणि विल्मार जवळून जाताना त्रोंदुरने हात मागे घेतला. चांगला वीतभर मागे घेतला. पण विल्मारचा डावा खांदा तोवर निघालेला होता. तो असा आडवा झाला, दोनदा लोळला आणि घोटा धरून विव्हळला, की डोंगरावरच्या मेंढ्यांनी माना वर केल्या.

रेफरी हानुस त्रोंदुरच्या पाठीमागे होता. त्याने शिट्टी वाजवली, पेनल्टी दिली आणि त्रोंदुरला लाल कार्ड दाखवलं. त्रोंदुरने हातमोजे काढून एका बचावपटूला दिले. वाद घातला नाही. जाताना विल्मारजवळ वाकला आणि म्हणाला, "लागलं का रे फार?"

विल्मारने मान हलवली, हो म्हणून.

पेनल्टी त्यानेच मारली. ती इतकी उंच गेली की याकुपला होडी वल्हवत न्यावी लागली. आणि शेवटच्या मिनिटाला स्काल्वनेसने गोल करून सामना जिंकला. म्हणजे लबाडी केली आणि पदरात काही पडलंही नाही. फक्त एवढं झालं, की लाल कार्डामुळे त्रोंदुर अंतिम सामन्याला बाहेर बसणार होता. गाव अंतिम सामन्यात आणि वीस वर्षं गोल राखणारा माणूस कडेच्या बाकावर.

सोमवारी टेबलापाशी त्रोंदुरने विचारलं, "घोटा कसा आहे?"

"बरा आहे," विल्मार म्हणाला आणि मासा कापता कापता स्वतःचा अंगठा कापून घेतला.

मंगळवारी हानुस आला. विल्मार राहायचा मारयुन नावाच्या बाईकडे भाड्याने. तिच्या स्वयंपाकघरात हानुसने कॉफी घेतली, रुबार्बच्या आंबट देठांच्या मुरंब्याची पोळी खाल्ली, शाळेच्या गळक्या छपराबद्दल बोलला. मग कप खाली ठेवून म्हणाला, "अहवाल उद्याच्या बोटीने पाठवायचाय. माझ्यासमोर त्रोंदुरची पाठ होती, मला नीट दिसलं नाही. सतरा वर्षांत मी असं कधी कुणाच्या घरी गेलो नाही. पण तू सांगशील तेच लिहीन. त्याने धक्का दिला का?"

मारयुन विणत होती. तिच्या सुया थांबल्या.

"दिला," विल्मार म्हणाला.

सुया पुन्हा चालू झाल्या. हानुसचा चेहरा एकदम मोकळा झाला. त्याने विल्मारचे दोन्ही हात हातात घेतले. "उपकार झाले बाबा. आता झोप लागेल मला."

विल्मारला मात्र लागेना. आठवड्याने डेन्मार्कचं पत्र आलं: ऑक्टोबरमध्ये ये. त्याने ते बिर्गिरला दाखवलं, बापाला फोन करून सांगितलं, बापाने तिकडे शेजाऱ्यांना गोळा करून आसाडो केला, शेकोटीवर अर्धी गाय भाजली म्हणे. आणि विल्मार रोज त्या टेबलापाशी मान खाली घालून मासे कापत राहिला. कुणी त्याला एक शब्द बोललं नाही. आपलं पचलं असं त्याला वाटलं. आता आमच्याकडे बोलत नाहीत याचा अर्थ काय असतो, हे त्याला कुठून ठाऊक असणार?

अंतिम सामन्याच्या आधीच्या रविवारी बिर्गिरच्या मुलीचं लग्न होतं. जेवणं झाल्यावर टेबलं बाजूला सरली आणि दोन्ही गावं हातात हात गुंफून गोल करून नाचायला उभी राहिली. वाद्य नसतं. एकजण कडवं म्हणतो, ध्रुवपद सगळे म्हणतात, आणि पायांचा ठेका लाकडी जमिनीवर पडतो. दोन-तीन जुनी गाणी झाली आणि याकुपने विल्मारला हाताला धरून गोलात ओढलं. उजवीकडे याकुप, डावीकडे त्रोंदुर. दोघांनी त्याचे हात काखेत घट्ट धरले. याकुपच्या थोरल्या बहिणीने नवं गाणं सुरू केलं.

गाण्याची भाषा जुनी, लांबवलेली. विल्मारला मासळीचे आणि फुटबॉलचे शब्द येत होते, हे शब्द कळेनात. पण त्याला स्वतःचं नाव ऐकू आलं. दुसऱ्या कडव्यात पुन्हा, तिसऱ्यात पुन्हा. त्याच्या मुलखात लोक खेळाडूचं नाव घेऊन गातात ते त्याला डोक्यावर घेतात तेव्हाच. विल्मारचे डोळे भरून आले. त्याला वाटलं, डेन्मार्कला निघालोय म्हणून ही माणसं निरोप देतायत. आणि ते दोघे काखेत धरून आहेत तेही प्रेमानेच. त्याने ध्रुवपद पटकन उचललं आणि सगळ्यांच्या वरच्या आवाजात गायला लागला.

गाणं होतं असं:

*हेल्लुवीकच्या मैदानावर वारा नव्हता रती,*
*तरी आडवा झाला विल्मार, काय सांगू गती।*
*ढकललं का त्याला ढगानं, की गवताच्या पात्यानं?*
*मेंढी उभी बघत होती, विचारा तिला नात्यानं।*

आणि ध्रुवपद:

*धरा गं धरा, दोन्हीकडून धरा, पाहुणा आमचा पडेल।*

हे ध्रुवपद विल्मार छाती काढून म्हणत होता. गोलातल्या बायका खाली बघायला लागल्या. काही जणांचे आवाज बारीक झाले. नवव्या कडव्याला त्रोंदुर त्याच्या कानाशी वाकला आणि हळूच म्हणाला, "विल्मार, तू नको गाऊस रे."

त्याचा आवाज ऐकून विल्मार गप्प झाला. मग त्याने समोरच्यांचे चेहरे पाहिले. मग मेंढीचा शब्द कळला, वारा कळला, पडणं कळलं. हात सोडवून घ्यायला गेला, तर दोन्हीकडून पकड तशीच. ज्याच्यावर गाणं रचलंय त्याने ते शेवटापर्यंत नाचायचं असतं, ही इथली रीत. कडवी होती सव्वीस. उरलेली सतरा कडवी विल्मार ठेका चुकवत, घाम गाळत नाचला. लाज इतकी, की अंगावरचे कपडे कुणी ओढून नेले असते तरी याहून बरं वाटलं असतं. आणि त्यातही सलत होतं ते त्या गाण्यापेक्षा त्याने स्वतः मोठ्याने म्हटलेलं ध्रुवपद.

संपल्यावर हात सुटले. याकुपने पाठीवर थाप मारली. "चांगला नाचलास. झालं सगळं. कॉफी घे."

"झालं म्हणजे?" विल्मारने त्रोंदुरला विचारलं. "तू खेळणार फायनल?"

"छे. ते वेगळं. तुझं आमचं मिटलं एवढंच. कागद गेलाय."

दुसऱ्या दिवशी सकाळी कारखान्याला न जाता विल्मार हानुसच्या घरी गेला. हानुस होडीला रंग देत होता.

"हानुस, त्याने मला हातही लावला नव्हता."

हानुसने ब्रश डब्यात ठेवला.

"मी तुला विचारलं होतं."

"हो."

"तुझ्या घरी येऊन विचारलं होतं."

"हो."

"मला वाटत होतं डोळे गेले माझे. तू दिला म्हणालास तेव्हा किती बरं वाटलं होतं मला." मग हात पुसत म्हणाला, "चल, बोट पकडू. दोघांनाही सही करावी लागेल."

बिर्गिर धावत धक्क्यावर आला. लग्नाचा कोट अजून अंगावर. "अरे येड्या, सही केलीस तर वर्षअखेरपर्यंत बंदी. डेन्मार्कवाले तोंडसुद्धा बघणार नाहीत तुझं. एका सामन्याचा प्रश्न आहे त्याच्या."

"त्याला एकच होता," विल्मार म्हणाला आणि बोटीत चढला.

राजधानीतल्या फुटबॉल मंडळाच्या खोलीत स्वेटर घातलेले तिघे बसले होते. विल्मारने सगळं सांगितलं. लिहून घेणाऱ्या बाईंनी विचारलं, "आणि याआधी इथे कधी असं केलं होतंत?"

आधीच्या उन्हाळ्यात एकदा केलं होतं. त्या पेनल्टीने एक चिमुकलं गाव खालच्या गटात गेलं होतं. हानुस शेजारी बसला होता. विल्मार म्हणाला, "नाही." हे खोटं होतं, तेही त्याने वीस वर्षांनी सांगितलं, आणि तेव्हा कुणी विचारलंही नव्हतं.

त्रोंदुरचं कार्ड रद्द झालं. विल्मारला बंदी आली, डेन्मार्कचं दुसरं पत्र आलं, त्यात दोनच ओळी होत्या. हानुसने हंगाम संपल्यावर शिट्टी ठेवून दिली. विल्मार दोनदा त्याची समजूत घालायला गेला. दोन्ही वेळा हानुसने त्याला कॉफी पाजली आणि मेंढ्यांच्या लोकरीबद्दल बोलला.

अंतिम सामना विल्मारने पाहिला नाही. मारयुनच्या तळघरात बसून रेडिओ ऐकला. स्काल्वनेस दोन-एकने हरलं. दुसरा गोल साधाच होता, घरंगळत आलेला चेंडू त्रोंदुरच्या हातांखालून गेला. ते ऐकून विल्मारने रेडिओ बंद केला. याच्यासाठी मी सही केली, असं त्याच्या मनात आलं, आणि आलं याचीच त्याला पुन्हा लाज वाटली.

सोमवारी कारखान्यात त्याची समोर बघायची छाती होईना. त्रोंदुर आला, एप्रन बांधला, सुरीला धार लावली. चेहरा बघावा तर सणाला नवे कपडे मिळालेल्या पोरासारखा.

"ऐकलंस ना?" त्रोंदुर म्हणाला. "हातांखालून गेला. लोण्यासारखे हात झाले होते माझे."

"वाईट झालं," विल्मार पुटपुटला.

"वाईट कसलं? हरलो. पण मी हरलो. माझ्या जागी उभा राहून दुसरा कुणी हरला नाही." त्याने एक मोठा कॉड विल्मारच्या बाजूला सरकवला. "हा तू घे, तुझा अंगठा बरा झालाय आता."

विल्मारने मासा ओढून घेतला. जेवणाची घंटा होईपर्यंत त्याने मान वर केली नाही, आणि त्रोंदुर समोरून बोलतच राहिला: पहिल्या गोलाबद्दल, गर्दीबद्दल, राजधानीच्या गवताबद्दल. वीस वर्षांत बोलला नव्हता तेवढं.